मराठी लिहिण्यासाठी खिशातला संगणक घरी कसा जुळवायचा

एसटीत, दवाखान्याच्या बाकावर, गावाकडच्या ओट्यावर कुठेही उघडून चार ओळी लिहिता याव्यात, एवढ्याच हौसेपायी मी लहान संगणकांच्या नादाला लागलो. फोनवर लिहिता येतं, पण पानभर मजकूर दोन अंगठ्यांनी लिहायचा म्हणजे हात अवघडतात, आणि मधेच कुणाचा तरी निरोप आला की लिहिणं तिथेच राहतं. लॅपटॉप बरोबर नेला तर खांदा दुखतो आणि चार्जिंगची जागा शोधत बसावं लागतं. या दोहोंच्या मधलं काहीतरी हवं असेल तर ते स्वतः जुळवता येतं.

हा लेख अगदी नवख्यांसाठी आहे. सोल्डरिंग (डाग देऊन तारा जोडणं) येत नसलं, कमांड पाठ नसल्या तरी अडणार नाही. शेवटी तुमच्याजवळ एक इवलासा बोर्ड (एका पट्टीवर मावलेला अख्खा संगणक), पाच इंची पडदा, एक कीबोर्ड आणि एक पॉवर बँक अशी जुळणी असेल. तिच्यावर ‘दुसऱ्या’, ‘तऱ्हा’, ‘ज्ञानेश्वर’ हे शब्द जसे हवेत तसेच उमटले पाहिजेत. नाहीतर एवढी खटपट कशाला?

पायरी १: कामाचं एक वाक्य लिहून काढा

‘या संगणकावर मी अमुक करणार’ असं एक वाक्य कागदावर लिहा. माझं वाक्य होतं: ‘मराठी मजकूर लिहिणार आणि घरी आल्यावर मोठ्या संगणकावर उतरवणार.’ बस. व्हिडिओ नाही, ब्राउझिंग नाही.

हे एवढं ठासून सांगायला कारण आहे. लहान संगणकाची कल्पना जुनी. ॲलन के यांनी १९७२ साली, झेरॉक्सच्या पालो अल्टोमधल्या संशोधन केंद्रात असताना, मुलांना वहीसारखा नेता येईल अशा ‘डायनाबुक’चं वर्णन लिहिलं. प्रत्यक्षात १९८१ मध्ये आलेला ऑस्बोर्न-१ सुमारे ११ किलोंचा होता. त्याचा पडदा पाच इंचांचा, आणि आकार शिवणयंत्राच्या पेटीसारखा. मग १९८३ मध्ये अमेरिकेत रेडिओ शॅकच्या दुकानांतून टीआरएस-८० मॉडेल १०० विकायला आला. क्योसेरा या जपानी कंपनीने बनवलेला, जाडसर वहीएवढा. पडद्यावर ४० अक्षरांच्या फक्त आठ ओळी दिसायच्या. चार पेन्सिल सेलांवर तो वीसेक तास चालायचा, बटण दाबताक्षणी सुरू व्हायचा, कीबोर्ड पूर्ण आकाराचा होता आणि आतच मोडेम होता. बातमीदारांनी तो उचलून धरला. बातमी जागेवर लिहायची आणि टेलिफोनच्या तारेवरून कचेरीत पाठवायची.

या आठ ओळींच्या यंत्राकडे मी अजूनही आदराने बघतो. त्याला चित्रं जेमतेमच काढता यायची, आवाजाच्या नावाने नुसती पीप व्हायची, पण लिहिणाऱ्याला जे लागतं ते सगळं त्यात होतं. तुमच्या जुळणीतही प्रोसेसरचा वेग सगळ्यात शेवटी बघा. आधी कीबोर्ड, मग पडदा, मग वीज.

पायरी २: बोर्ड

मी रास्पबेरी पाय झीरो २ डब्ल्यू वापरतो आणि नवख्यांना तोच सुचवतो. रास्पबेरी पाय बनवणारी मंडळी इंग्लंडमधल्या केंब्रिजची. त्यांचा पहिला बोर्ड २९ फेब्रुवारी २०१२ रोजी आला. नोव्हेंबर २०१५ मध्ये पाच डॉलरचा पाय झीरो आला आणि त्यांनी तो आपल्या मासिकाच्या मुखपृष्ठावर चिकटवून वाटला. ऑक्टोबर २०२१ मधला झीरो २ डब्ल्यू १५ डॉलरचा. लांबी ६५ मिलिमीटर, रुंदी ३० मिलिमीटर, म्हणजे काडेपेटीहून थोडा लांब. त्यात एक गिगाहर्ट्झचा चार गाभ्यांचा प्रोसेसर, ५१२ मेगाबाइट रॅम, वायफाय आणि ब्लूटूथ आहे.

मुंबईत लॅमिंग्टन रोडला, पुण्यात बुधवार पेठेत पासोड्या विठोबाच्या आसपास असले बोर्ड विचारून बघा, ऑनलाइनही मिळतात. घेताना चार गोष्टी सांभाळा.

बोर्डावरचं चित्राचं भोक मिनी-एचडीएमआयचं आहे. पाय ४ ला मायक्रो-एचडीएमआय असतं, आणि दुकानात गडबडीत हमखास तीच केबल हातात पडते.

दोन मायक्रो-यूएसबी भोकं शेजारी शेजारी आहेत. कडेचं विजेचं, आतलं कीबोर्ड वगैरे जोडायचं. आतल्या भोकासाठी ओटीजी केबल (लहान भोकाला नेहमीचं मोठं यूएसबी जोडून देणारी) लागते.

बोर्डाच्या एका टोकाला चपट्या पट्टीची जागा दिसते. ती कॅमेऱ्याची. पट्टीने जोडायचे डीएसआय पडदे या बोर्डाला चालत नाहीत, त्यामुळे पडदा एचडीएमआयचाच घ्या.

वायफाय फक्त २.४ गिगाहर्ट्झचं आहे. फोनच्या हॉटस्पॉटमध्ये ५ गिगाहर्ट्झ निवडलेलं असेल तर बोर्डाला ते जाळं दिसतच नाही. जोडणी होत नाही म्हणून बोर्ड परत करायला निघण्याआधी एवढं तपासा.

बोर्डाला डिस्क नसते, सगळं मायक्रो-एसडी कार्डावर राहतं. हे कार्ड ३२ जीबीचं, ए१ असा शिक्का असलेलं, ओळखीच्या दुकानातून घ्या. कार्डावर दोनचार रुपये वाचवू नका. तुमचं सगळं लेखन त्याच्यावर असणार आहे.

पायरी ३: कीबोर्ड, आणि इथे घाई नको

माझा पहिला कीबोर्ड तळहाताएवढा होता. दिसायला सुंदर, मागे दिवा लागणारा. घरी आणून ‘चाळ’ लिहायला गेलो तर च सापडेना. च होता, पण फंक्शन कळ दाबून तिसरीच कळ दाबल्यावर येणाऱ्या चिन्हांत दडलेला. ट तसाच. य तसाच. पहिल्या परिच्छेदातच लिहिण्याचा सगळा उत्साह गेला.

त्याचं कारण समजून घ्या, म्हणजे ही चूक तुमच्याकडून होणार नाही. इंग्रजीला २६ अक्षरं पुरतात. म्हणून लहान कीबोर्ड करताना कंपन्या अक्षरांच्या कळा ठेवतात आणि विरामचिन्हांच्या कळा काढून टाकतात किंवा दुसऱ्या कळांच्या पोटात घालतात. इनस्क्रिप्ट या भारतीय भाषांसाठीच्या प्रमाण कीबोर्ड-मांडणीत मात्र त्याच विरामचिन्हांच्या कळांवर आपली रोजची अक्षरं आहेत. इंग्रजी पीच्या लगेच उजवीकडे ड. एलच्या उजवीकडे च, त्याच्या पुढे ट. खालच्या ओळीत तिरप्या रेघेच्या कळीवर य. ‘डॉक्टर’मधली ऑची मात्रा उलट्या तिरप्या रेघेच्या कळीवर. ‘कृष्णा’तली ऋची मात्रा बरोबरच्या चिन्हावर. ‘बॅट’मधला चंद्र आकड्यांच्या ओळीत, शिफ्ट दाबून दोनवर. म्हणजे आकड्यांची वेगळी ओळसुद्धा हवीच.

दुकानात तपासायला मी एक वाक्य ठरवलं आहे: ‘चटकन डॉक्टर या.’ कीबोर्ड हातात घ्यायचा आणि या वाक्याच्या कळा बोटाने मोजायच्या. सगळ्या कळा फंक्शन न दाबता मिळाल्या तर तो कीबोर्ड मराठीच्या कामाचा. नाही मिळाल्या तर तो कितीही देखणा असला तरी खाली ठेवा.

दुसरी गोष्ट आकाराची. साध्या कीबोर्डावर एका कळीच्या मध्यापासून दुसरीच्या मध्यापर्यंत १९ मिलिमीटर असतात. १६-१७ पर्यंत दोन-तीन दिवसांत हात बसतो. त्याहून कमी झालं की बोटं एकमेकांवर चढतात. सायन या ब्रिटिश कंपनीने १९९७ मध्ये सिरीज ५ काढला, तेव्हा झाकण उघडताना कीबोर्ड पुढे सरकून येईल अशी बिजागरी बसवली होती, म्हणून कोटाच्या खिशात जाणाऱ्या यंत्रावर लोक दहा बोटांनी टाइप करू शकत. तसं काही बाजारात सहज मिळत नाही, म्हणून घडीचा ब्लूटूथ कीबोर्ड हा चांगला मधला मार्ग आहे. फक्त घडी जिथे पडते तिथली कळ दुभंगलेली किंवा जागा सोडून गेलेली नाही ना, हे बघून घ्या.

इनस्क्रिप्ट येत नसेल तर? शिका, असंच मी म्हणेन. डाव्या हाताकडे स्वर आणि मात्रा, उजव्या हाताकडे व्यंजनं अशी त्याची मांडणी आहे आणि अल्पप्राण-महाप्राण एकाच कळीवर आहेत: क साधा, ख शिफ्ट दाबून. रोज अर्धा तास दिलात तर महिन्याभरात हात न बघता चालू लागतो. तोवर अक्षरांचे स्टिकर चिकटवा. उच्चारानुसार रोमन अक्षरांतून लिहिण्याची सवय पक्की असेल तर तीही पद्धत या यंत्रावर बसवता येते आणि मग लहान कीबोर्डही चालतो, हे खरं आहे. पण ळ आणि ल, श आणि ष, न आणि ण यांच्यासाठी दर वेळी मोठी लिपी की छोटी हा विचार करावा लागतो. विचार मजकुराचा करायचा आहे.

पायरी ४: पडदा

पाच इंची, ८०० गुणिले ४८० बिंदूंचा एचडीएमआय पडदा घ्या. बिंदूंचा हाच हिशोब २००७ मधल्या असूसच्या ई-पीसी ७०१ चा होता. सात इंची पडदा, वजन ९२० ग्रॅम. त्या यंत्राने ‘नेटबुक’ या लहान लॅपटॉपच्या प्रकाराची लाट आणली, त्यामुळे एवढ्या बिंदूंत बरंच काम होतं हे सिद्ध झालेलं आहे.

देवनागरीला उंची जास्त लागते हे मात्र लक्षात घ्या. वर वेलांटी, अनुस्वार आणि रफार, खाली उकार. इंग्रजीला पुरणारी ओळ आपल्याला दाटीची होते. ओळीला ३२ बिंदू धरले तर ४८० मध्ये १५ ओळी. मेनूची पट्टी वगळली तर १२-१३. मॉडेल १०० पेक्षा जास्तच. साडेतीन इंची पडदे स्वस्त असतात, पण त्यांच्यावर ओळी आणखी कमी दिसतात आणि डोळे लवकर शिणतात.

उन्हात काम करायचं असेल तर हा पडदा निराश करेल. मुलांसाठी केलेल्या एक्सओ-१ या हिरव्या-पांढऱ्या लॅपटॉपचा साडेसात इंची पडदा मागचा दिवा बंद केला की उन्हात काळा-पांढरा वाचता यायचा. २००७ साली आपल्याकडे कर्जतजवळच्या खैराटच्या छोट्या शाळेत ते लॅपटॉप आले होते. तसा पडदा सुटा मिळत नाही. सावली शोधायची.

पायरी ५: वीज

आधी हिशोब. १०,००० मिलिअँपिअर-तासांची पॉवर बँक म्हणजे आतल्या सेलच्या ३.७ व्होल्टला ३७ वॉट-तास. पाच व्होल्टमध्ये रूपांतर होताना काही वीज वाया जाते, म्हणून ३० धरा. बोर्ड आणि पडदा मिळून मी चार वॉट धरतो. ३० भागिले ४, म्हणजे साडेसात तास. मॉडेल १०० चार पेन्सिल सेलांच्या दहाएक वॉट-तासांत वीस तास चालायचा, म्हणजे त्याची भूक अर्ध्या वॉटची. फरक मुख्यतः पडद्यातल्या दिव्याचा आहे. म्हणून उजेड कमी ठेवायची सोय असलेला पडदा निवडा. काही स्वस्त पडद्यांना ती नसतेच.

या बोर्डाला झोपवून ठेवण्याची सोय नाही. लॅपटॉपचं झाकण मिटलं की तो थांबतो, तसं इथे होत नाही. एकतर चालू, नाहीतर बंद. आणि सुरू व्हायला मिनिटभर लागू शकतं.

केबल आखूड आणि जाड घ्या. बारीक, लांब केबलमध्ये व्होल्टेज पडतं आणि बोर्ड मधेच पुन्हा सुरू होतो. मोठ्या पाय बोर्डांवर अशा वेळी पडद्यावर विजेची खूण दिसते. झीरोच्या बोर्डांत ती तपासणीच नाही, त्यामुळे कारण कळत नाही आणि माणूस सॉफ्टवेअरला दोष देत बसतो. मी तीन संध्याकाळी यात घालवल्या आहेत.

सुटे लिथियम सेल आणून स्वतः जोडणी करू नका. नवख्याने तर नकोच. बीआयएस (भारतीय मानक ब्यूरो) नोंदणीचा शिक्का असलेली पॉवर बँक घ्या आणि ती फुगलेली दिसली तर त्या दिवशीच वापर थांबवा. एक गैरसोय अशी की काही पॉवर बँका कमी वीज ओढली गेली की आपोआप बंद होतात. पडद्यासह जोडून अर्धा तास चालवून बघा.

पायरी ६: कार्ड तयार करणं

घरच्या संगणकावर ‘रास्पबेरी पाय इमेजर’ हा कार्ड तयार करून देणारा प्रोग्राम उतरवून घ्या. त्यात बोर्ड निवडा, रास्पबेरी पाय ओएसची (म्हणजे यंत्र चालवणाऱ्या मूळ प्रणालीची) ३२-बिट आवृत्ती निवडा (५१२ मेगाबाइट रॅममध्ये ती हलकी पडते), कार्ड निवडा. लिहायला सुरुवात करण्याआधी सेटिंग विचारली जातात. तिथेच वापरकर्त्याचं नाव, पासवर्ड, वायफाय आणि आशिया-कोलकाता ही वेळ भरून टाका. कार्डावर आधीचं जे काही असेल ते पुसलं जातं, हे विसरू नका.

पहिल्यांदा सुरू होताना चार-पाच मिनिटं लागू शकतात. काळा पडदा दिसला म्हणून वीज काढू नका. ब्लूटूथ कीबोर्ड जोडण्यासाठी आधी कोणतातरी तारेचा कीबोर्ड किंवा माउस लागतो, तो शेजाऱ्यांकडून तासभर मागून आणा.

पायरी ७: देवनागरी बसवणं

लहान यंत्र आपल्या भाषेत चालावं ही धडपड आपल्या देशातही झाली आहे. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतले प्राध्यापक आणि एका सॉफ्टवेअर कंपनीतले अभियंते यांनी सिंप्युटर घडवला: सोपा, स्वस्त, बहुभाषिक. हातात मावणारा, लेखणीने चालणारा आणि भारतीय भाषांतला मजकूर बोलून दाखवणारा. २००४ मध्ये त्याचं अमिडा हे रूप बाजारात आलं, पण ते फार विकलं गेलं नाही. तरी भाषेची सोय यंत्र घडवतानाच करायची, मागाहून ठिगळ लावायचं नाही, हा त्यांचा विचार मला पटतो. म्हणून ही पायरी पुढच्या रविवारवर ढकलू नका.

मेनूमधल्या सॉफ्टवेअर जोडण्याच्या खिडकीत तीन गोष्टी शोधा. नावं इंग्रजी स्पेलिंगनेच शोधावी लागतात. पहिली, देवनागरी फाँट: नोटो (Noto) किंवा लोहित (Lohit). दुसरी, एफसीआयटीएक्स५ (fcitx5) किंवा आयबस (ibus), ज्याने भाषा बदलता येते. तिसरी, त्याच्या जोडीचं एम१७एन (m17n), ज्यात मराठी इनस्क्रिप्ट आणि मराठी फोनेटिक दोन्ही आहेत. यंत्र पुन्हा सुरू करा, सेटिंगमध्ये मराठी इनस्क्रिप्ट जोडा आणि भाषा बदलायची कळ ठरवा.

फाँटमध्ये एक बारकावा आहे. ल आणि श यांची मराठी वळणं हिंदी छपाईतल्या वळणांहून वेगळी. बरेच फाँट यंत्राची भाषा मराठी ठेवली तरच आपली वळणं दाखवतात. म्हणून भाषेच्या सेटिंगमध्ये मराठी-भारत जोडून बघा. मुंबईच्या एक टाइपचा ‘मुक्त’ हा मोफत फाँटही बारीक आकारात छान वाचता येतो.

आता परीक्षा. इनस्क्रिप्टमध्ये इंग्रजी जेच्या कळीवर र आहे. शिफ्टसह तीच कळ म्हणजे ऱ. ऱ, हलन्त (डी), य असं दाबलं की ‘दुसऱ्या’तला ऱ्य उमटला पाहिजे. ळ शिफ्टसह एनवर. ‘काळ्या’, ‘वाऱ्यावर’, ‘तऱ्हेवाईक’, ‘कृतज्ञ’ लिहून बघा. अक्षरं तुटून, पाय मोडके दिसले तर तुम्ही बहुधा खिडक्या नसलेल्या काळ्या टर्मिनलमध्ये आहात. तिथे जोडाक्षरं जुळत नाहीत. केवळ कमांडवर चालणारी हलकी ओएस टाकायचा मोह अनेकांना होतो. इंग्रजीसाठी ती उत्तम, मराठीसाठी निरुपयोगी.

पायरी ८: लिहायचा प्रोग्राम

लिबरऑफिससारखं मोठं ऑफिस-सॉफ्टवेअर या रॅममध्ये दमतं. साधं लिहायला माउसपॅड आधीच असतो. मी फोकसरायटर टाकून घेतला आहे. पूर्ण पडदा कागदासारखा, आपोआप जतन होणारा मजकूर, खाली शब्दसंख्या. यंत्र सुरू झालं की तोच उघडेल अशी सोय सेटिंगमध्ये करून ठेवा. ब्राउझर उघडू नका, सगळं गोठतं.

पायरी ९: डबा

कंपास पेटी बरोबर मापाची असते म्हणून लोक ती घेतात. ती पत्र्याची असते. बोर्डाच्या खालच्या बाजूच्या सोल्डरच्या टाक्यांना पत्रा लागला तर बोर्ड जळू शकतो, आणि झाकण मिटल्यावर वायफाय-ब्लूटूथही क्षीण होतं. प्लास्टिकची साबणाची डबी किंवा जाड पुठ्ठा बरा. हवेला दोन भोकं ठेवा. बोर्ड नेहमी कडेने धरा, आणि विजेची केबल डब्याला आतून बांधून टाका म्हणजे ओढ भोकावर येणार नाही.

पायरी १०: रोजची शिस्त

बंद करताना मेनूतूनच बंद करा, हिरवा दिवा विझू द्या, मग वीज काढा. पॉवर बँकेचं बटण तसंच दाबलं तर कार्डावरच्या फाइली बिघडू शकतात. माझं आठ पानांचं लेखन असंच गेलं.

या बोर्डात घड्याळाचा सेल नाही. इंटरनेट नसेल तर तो मागे कधीतरी बंद झाला तीच वेळ धरून चालतो. म्हणून फाइलच्या नावातच तारीख घाला. घड्याळाचं वेगळं छोटं मॉड्यूल जोडता येतं, पण ते दुसऱ्या महिन्यात.

घरी आलात की त्याच संध्याकाळी मजकूर मोठ्या संगणकावर उतरवा. ओटीजीच्या भोकात पेनड्राइव्ह लावून फाइल ओढून टाकणं हा सगळ्यात बिनतक्रार मार्ग. आणि सगळं नीट चालू लागलं की त्या कार्डाची पूर्ण नक्कल दुसऱ्या कार्डावर करून ठेवा. रास्पबेरी पाय ओएसच्या मेनूत त्यासाठी ‘एसडी कार्ड कॉपियर’ आहे, यूएसबीचा कार्ड रीडर लावला की झालं. पहिलं कार्ड प्रवासात दगावलं तर दुसरं घालून तिथेच पुढे लिहिता येतं. मी ते पाकिटात, रेल्वेच्या पासामागे ठेवतो.